डावखुरा करकोचा

१

संदर्भाधीन विषय असा की, शिक्षण खात्याच्या एका जुन्या भांडारातील सोळा एमएमचा प्रोजेक्टर, नग एक, आणि त्यासोबतचे प्राण्यांवरील शास्त्रीय प्रयोगाच्या विनोदी व्यंगचित्रपटाचे रीळ, नग एक, निर्लेखित न करता अर्जदाराच्या ताब्यात कायम ठेवण्यास परवानगी मिळावी. अर्जदार जीवराम तोताराम भंगाळे, सेवानिवृत्त वरिष्ठ लिपिक, राहणार जळगाव. मागणीचे कारण : वैयक्तिक.

'वैयक्तिक' हे सरकारी अर्जात कारण होत नाही, हे जीवराम नानांना ठाऊक नव्हतं असं नाही. नोकरीभर त्यांनी असे अर्ज 'कारण स्पष्ट करावे' असा शेरा मारून परत धाडले होते. आता पाळी स्वतःवर आली, तेव्हा स्पष्ट करता येईल असं कारण त्यांच्याजवळ नव्हतं. जे होतं ते कुठल्याही रकान्यात मावणारं नव्हतं.

सुरुवात अगदी साधी झाली. भांडार मोकळं करायचा हुकूम निघाला आणि हितेंद्र नावाच्या कनिष्ठ लिपिकाचा नानांना फोन आला. भंगारात काढायच्या प्रत्येक वस्तूपुढे ती चालू आहे की बंद, ते लिहायचं होतं. खुर्च्यांचं त्याला कळलं, पंख्यांचं कळलं. प्रोजेक्टरपाशी मात्र गाडं अडलं, कारण तो कसा लावतात हे माहीत असलेला एकही माणूस कचेरीत उरला नव्हता.

"घरी पाठवतो, नाना. एकदा लावून बघा आणि चालू की बंद, तेवढं सांगा."

"बंद लिहिलं तर भंगारात. चालू लिहिलं तर?"

"तर 'चालू परंतु निरुपयोगी' असा वेगळा रकाना आहे."

"म्हणजे माझीही सोय आहे म्हणायची," नाना म्हणाले.

रिक्षातून पेटी आली. तिच्यासोबत एक चपटा पत्र्याचा डबा होता आणि त्यावर 'विज्ञान, पाचवी ते सातवी' अशी चिठ्ठी डकवलेली होती. ती पाहून नाना खूप दिवसांनी गालात हसले. फिल्म परदेशातली, काळीपांढरी, नानांच्या जन्माआधीची. नावाचा तुकडा कधीच तुटून गेलेला. नावात 'प्रयोग' असं काहीतरी असावं, म्हणून खरेदी करणाऱ्या कुणा साहेबांनी ती न पाहताच विज्ञानात जमा करून टाकली होती. प्रत्यक्षात तीत एक चष्मेवाला करकोचा आहे. त्याच्या प्रयोगशाळेत कोंबडी, बेडूक, ससा आणि एक लठ्ठ डुक्कर अशी मंडळी पिंजऱ्यांतून बसलेली. करकोचा एकेकाच्या घशाला रबरी नळी लावून त्याचा आवाज काढतो आणि बाटलीत भरून ठेवतो. मग बाटल्यांची अदलाबदल होते. बेडूक ऐटीत तोंड उघडतो आणि कोंबडीसारखा कॉक कॉक करतो. कोंबडी घुरघुरते. शेवटी सगळे मिळून करकोच्यालाच खुर्चीला बांधतात आणि नळी लावतात. यातून पाचवी ते सातवीच्या मुलांनी नेमकं काय शिकायचं, हे खात्याने कधी विचारलं नाही. मुलं हसायची. सातपुड्याच्या पायथ्याच्या गावांतून ही फिल्म दाखवत नानांची तारुण्याची कितीतरी वर्षं गेली होती. नेमणूक लिपिकाची, पण खात्याची फिल्मगाडी फिरायची तेव्हा यंत्रापाशी उभं राहायला कोणीतरी लागायचं, आणि नाही म्हणायचं नानांना जमत नसे.

२

मे महिन्याच्या दुपारी जळगावच्या रस्त्यावर जो दिसतो तो एक तर आजारी असतो, नाही तर कुरिअरवाला. बाकीचं गाव दारं-खिडक्या लावून पडलेलं असतं. नानांना अंधार करायला वेगळे कष्ट पडले नाहीत. खिडकीवर एक घोंगडी टाकली, झालं.

घर दोन खोल्यांचं. पुढे बैठकीची खोली, मागे स्वयंपाकघर, आणि मधे दार नसलेली रुंद चौकट. नानांच्या पत्नी सुनंदाबाई होत्या तोवर त्या चौकटीत फुलाफुलांचा पडदा असे. त्या गेल्या त्याला आता चार उन्हाळे झाले. त्यानंतर नानांनी पडदा धुवायला काढला तो परत लावलाच नाही. आता तिथल्याच खिळ्यांना त्यांनी एक पांढरी चादर ताणून बांधली, प्रोजेक्टर खोलीच्या दुसऱ्या टोकाला टेबलावर ठेवला, आणि रीळ चढवलं. डोक्याला आठवत नव्हतं, पण बोटांना आठवत होतं. फिल्म इथून खाली, इथे वळसा, इथून वर. बटण दाबल्यावर यंत्र जरा खोकलं आणि खडखडत चालू लागलं.

चालू. नानांनी मनातल्या मनात योग्य रकान्यात खूण केली.

आता उठून बंद करायला हरकत नव्हती. काम संपलं होतं. पण करकोचा आला, त्याने चष्मा पुसला, आणि नाना खुर्ची ओढून बसले.

करकोच्याने नळी उचलली. डाव्या पंखाने.

नाना पुढे झुकले. उजव्या, त्यांनी स्वतःला सांगितलं. करकोचा नळी उजव्या पंखात धरतो. गावोगावची मुलं दुसऱ्या दिवशी त्याची नक्कल करायची तीही उजव्या हाताने. पण पडद्यावरचा करकोचा शांतपणे डाव्या पंखाने काम करत होता, जन्मभर तसंच करत आल्यासारखा. पिंजऱ्यात कोंबडी डावीकडे असायची, ती उजवीकडे होती. मग बाटल्यांची फळी आली. बाटल्यांवर इंग्रजी अक्षरं होती आणि ती सगळी उलटी होती, आरशात दिसतात तशी.

एवढा फरक पडला म्हणून काही बिघडत नाही, असं स्वतःला समजावून नानांनी फिल्म शेवटपर्यंत पाहिली. पण फिल्म संपली, तेव्हा आपण खुर्ची सोडून अगदी बाहेरच्या दाराजवळ येऊन उभे आहोत, हे त्यांच्या लक्षात आलं.

३

चूक सापडली की आधी स्वतःच्या हातची समजायची, ही कारकुनी शिस्त. नानांनी रीळ उतरवून पुन्हा चढवलं. करकोचा डावखुराच. मग त्यांनी फिल्म मुद्दाम उलटी बसवून पाहिली, तर ती बसेचना. या जातीच्या फिल्मला भोकं एकाच काठाला असतात, दुसऱ्या काठावर आवाजाची पट्टी. उलटी घातली तर यंत्राच्या दात्यांना धरायला काही राहत नाही. म्हणजे चूक करायचं ठरवलं तरी ही चूक करता येत नव्हती.

भुसावळला निंबा होता. निंबा म्हणजे फिल्मगाडीचा ड्रायव्हर, मेकॅनिक आणि कायदेतज्ज्ञ. आता मुलाच्या रेल्वे क्वार्टरमध्ये बाज टाकून तो दिवसभर येणाऱ्या-जाणाऱ्या गाड्यांचे भोंगे ओळखत बसायचा. नाना सकाळच्या पॅसेंजरने गेले. त्यांचं सगळं ऐकून घेतल्यावर निंबाने तंबाखू चोळायची थांबवली.

"इतला तपनम्हा हाईच इचाराले उनात का, नाना?"

"हो, एवढ्या उन्हात हेच विचारायला आलो. यंत्रात काय झालं असेल, निंबाभाऊ?"

"यंत्रले काय व्हयनं? उलटं दिखस, तर तुम्ही पडदाना मांगे बठेल शेतस." आणि नानांचा चेहरा बघून त्याने तेच शुद्ध मराठीत, लहान मुलाला सांगावं तसं सांगितलं, "पडद्याच्या मागे बसलात की उलटंच दिसतं. वहिनींना नाही का दिसायचं?"

नाना परतीच्या पॅसेंजरसाठी उठले.

फिल्मगाडीच्या काळात गावात दिवस बुडाला की चौकात दोन बांबूंमध्ये चादर ताणायची. यंत्राच्या बाजूला पुरुष आणि पोरं बसत. चादरीच्या पलीकडे बायका. हे कुणी ठरवलेलं नव्हतं आणि कुणी मोडतही नव्हतं. चित्र पलीकडेही लख्ख उमटावं म्हणून चादरीवर पाणी मारावं लागे. उन्हाळ्यात ती भराभर सुके, मग फिल्म चालू असतानाच पलीकडून पुन्हा पाणी. सुनंदाबाई गाडीतून यायच्या त्या या कामासाठी. सरकारी गाडीत बायकोला नेण्याची तरतूद नव्हती. निंबाने 'पडदा ओला करणारी बाई' अशी तरतूद स्वतःच्या अधिकारात काढली होती, आणि ती कुणी तपासायला आलं नाही. पुढे ज्योत्स्ना झाली, तीही आईच्या मांडीवर बसून पलीकडूनच फिल्म बघायची.

सुनंदाबाईंचा पुढचा एक दात लहानपणी विहिरीच्या काठावर आपटून अर्धा तुटला होता. हसू यायच्या आधीच त्यांचा पदर तोंडावर जाई. सासूसमोर, शेजाऱ्यांसमोर, आणि नवऱ्यासमोर तर जास्तच. पण चादरीपलीकडे अंधार असे आणि दोन्ही हात बादलीत गुंतलेले. बेडूक तोंड उघडायच्या जरा आधीच पलीकडून त्यांचं हसू यायचं. मोकळं, घशातून, भरलेली कळशी उपडी केल्यासारखं. मग बाकीच्या बायका हसायच्या, मग पुरुष. नाना यंत्रापाशी उभे राहून वाट बघायचे ती बेडकाची नव्हे.

पलीकडे जाऊन त्यांनी कधी पाहिलं नाही. फिल्म चालू असताना बायकांच्या बाजूला जायचं नाही, असा रिवाज होता, आणि नाना रिवाज पाळणाऱ्यांतले. बायको मोकळी हसते कशी, ते आपण ऐकलंय पण एकदाही पाहिलेलं नाही, हे त्यांच्या ध्यानात आलं तेव्हा त्या गेलेल्या होत्या.

४

भुसावळहून आल्यावर नानांनी पुन्हा चादर बांधली. या वेळी फिल्म चालू झाल्यावर ते उठले, चादरीची कड उचलली आणि स्वयंपाकघरात गेले. ओट्यावर पालथी भांडी, कोपऱ्यात माठ, मागचं दार आतून कडी घातलेलं. वळून पाहिलं तर इथून चित्र सरळ होतं. नळी उजव्या पंखात, बाटल्यांवरची अक्षरं वाचता येण्यासारखी.

म्हणजे यंत्र बैठकीत होतं, पण पुढची बाजू स्वयंपाकघराची होती. नानांनी या वाक्यातली चूक शोधून पाहिली. वाक्य बरोबर होतं.

ते परत येऊन खुर्चीत बसले. आणि तेवढ्यात पलीकडून आवाज आला. भांड्यात हात बुडवल्याचा, मग झटकल्याचा. चादरीवर वरच्या कोपऱ्यात काळसर ठिपके उमटले, वाढले, एकमेकांत मिसळले. बोटांनी पाणी शिंपडावं तसे. चित्र एकाएकी उजळलं. पाण्याचा वास आला, तापलेल्या कापडावर पाणी पडलं की येतो तो.

मनुष्य इतका विचार कसा करू शकतो याचं नानांना नंतर नवल वाटलं. त्यांनी विचार केला की माठ पाझरत असेल. माठ कोपऱ्यात, चादर मधे. पाल पडली असेल. पाल पाणी मारत नाही. घाम असेल, स्वतःचा, डोळ्यांवर आलेला. त्यांनी डोळे पुसले. चादर ओलीच होती.

पडद्यावर बेडूक छाती फुगवत होता. त्याने तोंड उघडायच्या जरा आधी पलीकडे कुणीतरी हसलं.

नाना धावत गेले नाहीत. त्यांनी खुर्चीचे हात घट्ट धरले आणि ते हसू पूर्ण होऊ दिलं. मग उठून कड उचलली. माठ, ओटा, भांडी. फरशी कोरडी ठणठणीत. तिथून कुणीतरी आत्ताच उठून गेलं असावं तशी हवा मात्र गार होती.

त्या आठवड्यात त्यांनी रोज दुपारी फिल्म लावली. हे एकदाही चुकलं नाही. बैठकीत बसलं की पलीकडे कुणीतरी असायचं. पलीकडे गेलं की नसायचं. शनिवारी हितेंद्रचा फोन आला, मशीन चालू की बंद? नाना म्हणाले, कळवतो. आणि त्याच संध्याकाळी त्यांनी अर्ज लिहायला घेतला. कारणाच्या रकान्यापाशी ते बराच वेळ पेन धरून बसले.

अर्ज पोचल्यावर हितेंद्र स्वतः आला. 'वैयक्तिक' म्हणजे काय, ते साहेबांना कळेना, असं त्याने अदबीने सांगितलं. काही तरी शैक्षणिक लिहा, नाना, असंही सुचवलं. नानांनी त्याला माठातलं पाणी दिलं आणि सांगितलं की त्यात शैक्षणिक काही नाही.

५

ज्योत्स्नाचं धुळ्याहून एकच पालुपद होतं. खोली तयार आहे, भूपेंद्रने कूलर बसवलाय, घर भाड्याने देऊन टाका आणि या. नाना पूर्वी थकवा, पोस्टाची कामं, रेशन कार्ड अशी कारणं द्यायचे. आता म्हणू लागले की प्रकरण प्रलंबित आहे.

"कसलं प्रकरण?" जावई भूपेंद्रने मुलीच्या हातातून फोन घेऊन विचारलं.

"खात्याकडचं."

"निवृत्त होऊन इतकी वर्षं झाली, अजून खातं सोडत नाही का तुम्हाला?"

"खातं सोडतंय," नाना म्हणाले, "मीच चिकटून आहे."

एका दुपारी करकोचा बाटल्या मांडत असताना प्रोजेक्टरमध्ये टक् असा आवाज झाला. दिवा गेला आणि चाकंही थांबली. असला दिवा आता जळगावात मिळणार नव्हता, मुंबईतही मिळण्याची आशा नव्हती. निंबाने हे आधीच सांगून ठेवलं होतं. जळक्या काचेचा वास आला. नाना अंधारात तसेच बसून राहिले. संपलं, असं त्यांच्या मनात आलं, आणि या विचाराने त्यांना जे वाटलं ते बायकोच्या तेराव्यालाही वाटलं नव्हतं.

मग त्यांच्या लक्षात आलं की अंधार नाहीच.

चादरीवर चित्र होतं. करकोचा दुसरी बाटली मांडत होता. टेबलावरच्या यंत्राची चाकं थांबलेली, नळकांड्यातून उजेडाचा कणही येत नव्हता. नानांनी उठून प्लग काढला. काढलेला प्लग हातात धरून ते उभे राहिले. आणि खडखड ऐकू येत होती ती स्वयंपाकघरातून.

आता ते खरोखर पडद्यामागे होते. उजेड पलीकडून येत होता, चादरीतून त्यांच्या छातीवर पडत होता, सदऱ्यावर बेडकाचा पाय हलत होता. पाण्याचे शिंतोडे चादरीतून गाळून त्यांच्या गालावर आले. गार.

हे चित्र लख्ख दिसावं म्हणून कुणीतरी त्यांच्यासाठी पडदा ओला करत होतं. नानांना एवढंच कळलं, आणि ते पुरेसं होतं. ते खुर्ची बाजूला सारून खाली फरशीवर मांडी घालून बसले, जशा चादरीपलीकडे बायका बसायच्या.

६

ज्योत्स्नाचा फोन आला तो भर दुपारी, फिल्म चालू असताना. ती आता प्लग न लावताही रोज दुपारी पलीकडून चालू व्हायची. एरवी नानांनी उचलला नसता. पण चार दिवस तिच्याशी बोलणं झालं नव्हतं, आणि ती तडक गाडी काढून येईल अशी धास्ती होती.

"जेवलात का, नाना?"

"जेवलो."

"आज तुम्हाला स्पष्टच सांगते. रविवारी आम्ही दोघं येतोय. सामान बांधून ठेवा. नाही म्हणायचं नाही." मग ती थांबली. "मागे काय वाजतंय?"

"फिल्म."

"करकोच्याची? ती अजून आहे?" ज्योत्स्ना शाळेत शिकवायची; आवाजातली ती शिक्षिका एकदम नाहीशी झाली. "नाना, त्यात तो बेडूक..."

बेडूक छाती फुगवत होता. पलीकडून हसू आलं.

फोनमधून धुळ्याच्या घरातल्या कूलरची घरघर तेवढी येत होती. नानांना वाटलं, आता ती विचारेल. रेकॉर्ड केलंय का, टीव्ही आहे का, डॉक्टरकडे जाऊया का. तिने यातलं काही विचारलं नाही.

"मी तिच्या मांडीवर बसायचे," ती म्हणाली. "ते हसू मला पाठीत लागायचं. फोन जरा पडद्याजवळ धरा, नाना."

नानांनी फोन चादरीजवळ नेला. पलीकडे पाण्यात हात बुडाला, शिंतोडे उडाले. कोंबडी घुरघुरली. पुन्हा हसू, आता जवळून, इतकं जवळून की ओली चादर त्या श्वासाने आत आली आणि बाहेर गेली. ज्योत्स्ना रडत होती, की हसत होती, कळत नव्हतं.

मग ती म्हणाली, "तुम्हीही हसताय. किती वर्षांनी ऐकलं."

नानांनी आपल्या ओठांवर हात ठेवला. ओठ मिटलेले होते.

"तिच्या शेजारीच बसलाय ना? दोघांचं एकदम येतंय."

चादरीवर करकोच्याला खुर्चीला बांधायला सुरुवात झाली होती, आणि उजेडाच्या आणि कापडाच्या मधे कुणीतरी उठलं. चित्रावर सावली पडली. बाईची, बाजूने. कपाळ, नाक, हनुवटी. तोंड उघडं होतं, मान मागे टाकलेली, आणि वरच्या ओळीत, जिथे दात अर्धा तुटलेला होता तिथे, उजेडाची एक बारीक खाच. पदर खांद्यावर होता. दोन्ही हात खाली, पाणी गळणारे.

नानांनी पाहिलं. सावलीच होती, पण पाहिलं.

तिच्या पलीकडे, थोडं खाली, यंत्रापाशी आणखी एक सावली होती. वाकलेली. पाठीला पोक होतं, नानांना हल्ली हल्लीच आलंय तसं, उजव्या खांद्यापेक्षा डावा खाली. त्या सावलीने यंत्रावरून मान वळवली आणि वर, त्या उघड्या तोंडाकडे पाहिलं. समोरून. भर उजेडात. पाहत राहिली, आणि तिचे खांदे हसण्याने हलू लागले.

उठून पलीकडे जावं असं नानांना वाटलं. गुडघ्यांत तेवढं बळ होतं, आणि आता रिवाजाचीही पर्वा नव्हती. पण पलीकडची जागा भरलेली होती. आयुष्यात पहिल्यांदाच त्यांना स्वतःचा हेवा वाटला.

"ज्योत्स्ना," ते फोनमध्ये म्हणाले.

"बोला ना," ती म्हणाली. "नुसते हसू नका."

"ज्योत्स्ना, तो मी नाही. मी इकडे आहे."

"बरं," ज्योत्स्ना म्हणाली. आवाज ओला होता, पण त्यात समाधान होतं. "बरं, नका येऊ मग. तुम्ही तिथे सुखात आहात तर मी कशाला ओढून आणू? नाही, रागावले नाही. हो. हो, सांगते यांना."

ती बोलत राहिली. मधे मधे थांबत होती, कुणाचं तरी ऐकून घेत होती, एकदा तर हसलीही. नाना तिचं नाव घेत होते. त्यांना स्वतःचे ओठ हललेले कळत होते, घशाची गाठ वरखाली झालेली कळत होती. चादरीच्या या बाजूला कसलाही आवाज झाला नाही.

७

प्रकरणाची सद्यःस्थिती पुढीलप्रमाणे.

रविवारी धुळ्याहून कुणी आलं नाही. नाना आता फोनवर फार मोकळं बोलतात, आईच्या आठवणी सांगतात, असं ज्योत्स्ना भूपेंद्रला कौतुकाने सांगते. ती रोज दुपारी फोन करते. जळगावच्या शेजाऱ्यांचं म्हणणं थोडं वेगळं आहे. नाना भेटले की मान हलवतात, हातवारे करतात, घसा बसला असावा, असं ते समजतात. उन्हाळा आहे, माठाचं पाणी बाधतं.

निंबाला कुणी काही विचारलेलं नाही.

'वैयक्तिक' या कारणाचा खुलासा करण्यासाठी अर्जदारास समक्ष बोलावण्यात आलं. अर्जदार वेळेवर हजर झाले. त्यांना बसायला खुर्ची देण्यात आली. साहेबांनी तीच गोष्ट निरनिराळ्या शब्दांत विचारून पाहिली. अर्जदारांनी प्रत्येक वेळी तोंड उघडलं आणि मिटलं. हितेंद्रने पुढे कागद आणि पेन सरकवलं, तेव्हा त्यांनी पेन हातात घेतलं, थोडा वेळ धरलं, आणि परत ठेवलं. दुपार व्हायला आली तसे ते घड्याळाकडे बघू लागले आणि नमस्कार करून निघून गेले.

प्रोजेक्टर व रीळ निर्णय होईपर्यंत अर्जदाराच्या घरीच आहेत. चालू की बंद, हा रकाना रिकामा आहे. 'अर्जदार हजर, म्हणणे मांडले नाही' अशी नोंद घेण्यात आली असून अर्ज प्रलंबित आहे.